वाहाकाचा रविवार आणि त्याच्या आगेमागे

शनिवार: वाहाका शहर

मेक्सिको म्हटलं की अमेरिकेतली आपली मंडळी कानकूनचं तिकीट काढून मोकळी होतात. या वेळी आमच्याबरोबर आई होती, नाशिकहून ह्यूस्टनला मुक्कामाला आलेली, आणि वाळूत पडून राहण्यात तिला काडीचा रस नाही. "माणसं दिसतील, बाजार दिसेल असं काहीतरी बघा," हे तिचं म्हणणं. म्हणून दक्षिणेकडचं वाहाका ठरलं.

ऑक्टोबरचा शेवट मुद्दाम निवडला. पावसाळा सरलेला असतो, डोंगर अजून हिरवे असतात, आणि १ व २ नोव्हेंबरच्या मृतांच्या सणाची तयारी गावभर सुरू झालेली असते. ऐन सणात हॉटेलांचे भाव आभाळाला भिडतात, तेव्हा त्याच्या आधी जाऊन येणं परवडतं. भारतीय पासपोर्टवर अमेरिकेचा चालू व्हिसा असेल तर मेक्सिकोचा वेगळा व्हिसा लागत नाही. आई त्यावरच आली. फक्त अमेरिकेचा व्हिसा मल्टिपल एंट्रीचा आहे ना, हे आधी बघून घ्या, आणि निघण्यापूर्वी नियम एकदा ताजे तपासा.

शहर १५५० मीटर उंचीवर, तीन खोऱ्यांच्या मधोमध. दुपारी ऊन चटकतं, रात्री शाल लागते. जुना भाग १९८७ पासून जागतिक वारशाच्या यादीत आहे, पण म्युझियमसारखा झाडून-पुसून ठेवलेला नाही. हिरवट दगडाची देवळं, त्यांच्या पायरीवर मक्याची कणसं भाजणाऱ्या बायका, आणि कोपऱ्याकोपऱ्यावर कुणी ना कुणी वाद्य वाजवत बसलेलं.

संध्याकाळी सांतो दोमिंगो चर्चसमोर गर्दी दिसली म्हणून थांबलो, तर लग्न! इथे चर्चमधून नवरा-नवरी बाहेर आली की वरात निघते, तिला कालेंदा म्हणतात. पुढे ब्रास बँड, मागे माणसाच्या दुप्पट उंचीच्या कागदी बाहुल्या, आत शिरलेला माणूस त्यांना गरागरा फिरवतोय. घागरेवाल्या बायका डोक्यावर फुलांच्या टोपल्या घेऊन नाचतायत. कडेला उभ्या असलेल्या कुणालाही बघे राहू देत नाहीत. नवरीकडच्या एका बाईंनी आईचा हात धरून तिला ओढलंच. आई साडीवर स्वेटर आणि पायात स्पोर्ट्‌स शूज अशा अवतारात दोन चौक नाचली. शनिवारी संध्याकाळी चर्चच्या आसपास रेंगाळलात तर अशी वरात हमखास सापडते, वेगळं तिकीट काढून 'लोकनृत्य' बघायची गरज नाही.

जेवणाचं थोडं आधीच सांगते, कारण शाकाहारी लोक इथेच फसतात. त्लायुदा म्हणजे ताटाएवढी कडक मक्याची भाकरी, वर घेवड्याची उसळ वाटून लावलेली, केसियो नावाचं तंतूतंतू सुटणारं चीज, कोबी आणि टोमॅटो. वरून निरागस. पण भाकरीला आधी 'आसियेंतो' फासतात, आणि ते डुकराच्या चरबीचा खालचा साका असतं. ऑर्डर देतानाच "सिन आसियेंतो, सिन कार्ने" (आसियेंतो नको, मांस नको) असं म्हणायचं. उसळीतही चरबी असू शकते, म्हणून "सिन मांतेका" हेही जोडा. मोले नावाची काळी, तिखट-गोड, चॉकलेट घातलेली ग्रेव्ही बहुधा कोंबडीच्या स्टॉकमध्ये शिजते. आमच्याकडे आई एकटी शाकाहारी. तिचं पोट दोन्ही वेळा २० नोव्हेंबर बाजारातल्या पाण्यातल्या चॉकलेटने आणि अंड्याच्या पावाने भरलं. अंडं चालतं तिला, "पावात गेलं की ते अंडं राहत नाही" या हिशोबाने.

रविवार: सहल

वाहाकाहून पूर्वेच्या खोऱ्यात जाणारी एक ठरलेली सहल असते. तुलेचं झाड, विणकरांचं गाव, मित्लाचे अवशेष, येर्वे एल आग्वाचे दगडी धबधबे आणि मेस्काल या इथल्या दारूची भट्टी. पाच ठिकाणं, एक व्हॅन, एक गाईड. बहुतेक गाड्या नऊ-दहाला निघून शहराजवळच्या झाडापासून सुरुवात करतात आणि धबधब्यावर ऐन उन्हात, शंभरेक माणसांबरोबर पोचतात. आमचा गाईड सकाळी सातला निघून सगळ्यात लांबच्या टोकाला आधी नेणारा होता. बुकिंग करताना हा एक प्रश्न जरूर विचारा. त्यावर अख्खा दिवस अवलंबून आहे.

गाईड त्याच खोऱ्यातला, घरी सापोतेक भाषा बोलणारा. गाडीत मोंतेरेयहून आलेलं निवृत्त शिक्षक जोडपं, दोन जर्मन मुली आणि आम्ही. शिक्षकबाईंनी निघाल्या निघाल्या डबा उघडला आणि सगळ्यांना गोड पाव वाटले. आईने पर्समधून शेंगदाण्याची चिक्की काढली. त्यानंतर स्पॅनिश-मराठी हा अडथळाच उरला नाही.

वाटेत मित्लाच्या अलीकडे गाईडने डावीकडचे करडे कडे दाखवले. यागुल आणि मित्लाच्या या गुहा २०१० मध्ये जागतिक वारशात गेल्या. त्यातल्या गिला नाकित्स गुहेत भोपळ्याच्या १०,००० वर्षांपूर्वीच्या बिया सापडल्या, माणसाने लावून वाढवलेल्या भोपळ्याच्या. मक्याची कणसंही, ६,२५० वर्षांपूर्वीची. खिडकीतून नुसती झुडपं आणि खडक दिसतो, बोर्डसुद्धा धड नाही.

येर्वे एल आग्वा

शेवटचा टप्पा घाटाचा, वळणावळणाचा. ज्यांना गाडी लागते त्यांनी पुढे बसावं. गावकऱ्यांचा नाका लागतो, तिथे वेगळी पावती, आत पुन्हा वेगळं तिकीट. दोन्ही रोख, आणि सुटे पेसो हवेत. जमीन गावाच्या मालकीची आहे आणि कारभार गावच पाहतं; गावांतल्या वादामुळे २०२१ मध्ये ही जागा काही काळ बंदच होती. त्यामुळे जाण्याच्या आठवड्यात उघडी आहे ना याची चौकशी करावी.

पोचलो तेव्हा नऊही वाजले नव्हते आणि कठड्याशी आम्हीच होतो. समोर दरी, पलीकडे निळ्या डोंगरांच्या रांगा, आणि कड्यावरून खाली उतरणारा पांढरा धबधबा, ज्यात पाण्याचा आवाज नाही. उतू गेलेलं दूध पातेल्यावरून ओघळून तिथेच वाळावं, तसा. झऱ्याच्या पाण्यात चुनखडी विरघळलेली असते. पाणी वर आलं की त्यातला वायू उडून जातो आणि चुना मागे राहतो, थरावर थर. हजारो वर्षं हेच चालू आहे. वरच्या सपाटीवर झरे बुडबुडतात, म्हणून पाणी उकळतंय असं वाटतं. बोट घातलं तर गारच. डुंबायला दोन मोठी कुंडं आहेत, ती बांधून काढलेली. जर्मन मुली लगेच उतरल्या. नवऱ्याने गुडघ्यापर्यंत पाय बुडवून समाधान मानलं.

मला मात्र कुंडांपेक्षा बाजूच्या उतारावरचे दगडी पाट जास्त आवडले. बोटभर रुंदीचे, चुन्याने माखलेले, एकेका पायरीच्या शेताच्या कडेने गेलेले. किमान २००० वर्षांपूर्वी इथल्या लोकांनी हे पाणी असं खेळवलं होतं. गाईडने सांगितलं नसतं तर त्यावर पाय देऊनच पुढे गेलो असतो. बरेच जण जातात.

मोठ्या धबधब्याच्या पायथ्याशी उतरणारी पायवाट आहे. जाऊन-येऊन तासभर, उतार निसरडा, सावली शून्य. बूट चांगले हवेत आणि गुडघे त्याहून. आम्ही दोघं गेलो. खालून वर बघताना तो पांढरा कडा अंगावर येतो. आई वरच्या खानावळीत बसली. परत आलो तर ती चुलीजवळ, पीठ मळणाऱ्या बाईंच्या शेजारी. मका चुन्याच्या पाण्यात उकळून, रात्रभर ठेवून, चोळून सालं काढून मग वाटायचा, हे तिने खुणांनी समजून घेतलं होतं. कोपऱ्यात तीन पायांचा दगडी पाटा. नुसतं दळलेलं मक्याचं पीठ कधी असं लवचीक होत नाही, आणि चुन्याशिवाय मक्यातलं एक जीवनसत्त्व अंगी लागत नाही. युरोपने मका नेला, चुना इथेच ठेवला, आणि मक्यावर जगणाऱ्या तिथल्या गरिबांना पुढे पेलाग्रा झाला, म्हणजे त्याच जीवनसत्त्वाच्या अभावाचा रोग. हे शेवटचं शिक्षकबाईंनी सांगितलं, बोट वर करून, जणू वर्गातच.

मित्ला

मोंते आल्बान हे डोंगरावरचं जुनं शहर ओस पडल्यावर इथल्या मूळच्या सापोतेक लोकांचं धर्मकेंद्र म्हणून मित्ला मोठं झालं. पिरॅमिड नाही, उंची नाही. लांबट, बसकी दालनं, आणि त्यांच्या भिंतींवर दगडी नक्षी. लांबून कोरल्यासारखी वाटते. जवळ गेलं की कळतं, प्रत्येक रेघ म्हणजे वेगळा तासलेला दगड आहे आणि हजारो दगड चुना-माती न वापरता एकमेकांत अडकवून बसवलेत. पायऱ्या-पायऱ्यांची वळणं, चौकोनी लाटा. एक पट्टा दुसऱ्यासारखा नाही. मी एका हातभर पट्ट्यातले दगड मोजायला घेतले आणि गाईड पुढे निघाला म्हणून सोडून दिले.

सहा अखंड दगडी खांबांच्या दालनातून आत अंगणात जाताना दार इतकं बुटकं की वाकल्याशिवाय प्रवेश नाही. 'आयुष्याचा खांब' म्हणून एक प्रसिद्ध होता, त्याला मिठी मारून हातांत राहिलेल्या अंतरावरून उरलेली वर्षं मोजायचे. आता त्याला हात लावू देत नाहीत. आईला त्याचं बरं वाटलं.

स्पॅनिश लोकांनी याच दालनांपैकी एकावर, इथलेच दगड वापरून सान पाब्लोचं चर्च उभं केलं. लाल घुमट आणि खाली सापोतेक नक्षीचा पट्टा एकाच फोटोत येतात. तासभर दिला होता. नक्षी बघणाऱ्याला तो पुरत नाही. टोपी आणि पाणी विसरू नका, झाड औषधालाही नाही.

मातात्लानची भट्टी

मी या थांब्याबद्दल साशंक होते. गाईडचं कमिशन, पाच घोट, 'स्पेशल प्राइस' हे सगळं ठाऊक असतं. तसं ते थोडं झालंही. पण भट्टी खरी होती. अगावेची पानं छाटून राहिलेला गड्डा जमिनीतल्या खड्ड्यात तापलेल्या दगडांवर ठेवतात, वरून पोती आणि माती, आणि तीन-चार दिवस तसाच भाजू देतात. मग घोड्याने ओढायच्या दगडी चाकाखाली ठेचतात, लाकडी पिंपात आंबवतात, तांब्याच्या भांड्यातून दोनदा गाळतात. भाजलेला एक तुकडा हातात दिला: तपकिरी, चिकट, धुराचा वास असलेला गोडवा. चघळून चोथा थुंकायचा.

"अगं, हे तर घायपात," आई म्हणाली. तिच्या माहेरी शेताच्या बांधाला होतं, दोर वळायला. घायपात आपल्याकडे आलं ते याच मुलखातून. एस्पादिन जातीला तयार व्हायला सात-आठ वर्षं लागतात, आणि फुलाचा दांडा वर आला की तो कापून टाकतात, म्हणजे साखर गड्ड्यातच राहते. तेपेस्ताते नावाची रानटी जात पंचवीसेक वर्षंही घेते. बाटलीची किंमत ऐकून भुवया उंचावतात, त्यामागे हे आहे. भट्टीवाल्याने बोरूने दारू ओढून वाटीत सोडली आणि वर आलेले मोती किती वेळ टिकतात ते दाखवलं. त्यावरून तो जोर ओळखतो, मीटर नंतर लावतो.

घोट छोटे घ्या, संत्र्याची फोड सोबत देतात ती खा. फोडीवरचं लाल मीठ मात्र अळी भाजून कुटलेलं असतं, हे शाकाहाऱ्यांनी लक्षात ठेवावं.

त्लाकोलुलाचा बाजार

हा थांबा रविवारीच मिळतो, म्हणून सहल रविवारी घ्या. आठवड्याचा बाजार, आजूबाजूच्या सगळ्या गावांचा. बायकांच्या डोक्यावर फुलाफुलांचे रेशमी रुमाल, हातात जिवंत टर्की पाय बांधून उलटी धरलेली.

आणि झेंडू. ढीग, टेम्पो, गाठोडी. शेजारी लालभडक कोंबड्याची फुलं. मृतांच्या सणाला घराघरांत वेदी मांडतात, ती या दोन फुलांनी. झेंडू मूळचा इथलाच. दसरा होऊन फार दिवस झाले नव्हते आणि आई त्या ढिगांमध्ये उभी राहून भाव विचारत होती, घेणार काहीच नसताना. सणाच्या पावात पिठाचे छोटे रंगवलेले चेहरे बसवलेले असतात. डोळे मिटलेले, गाल लाल. कोपाल नावाचा धूप जागोजागी जळत होता.

एका टोपलीत राजगिऱ्याच्या वड्या दिसल्या, गुळातल्या, वर भोपळ्याच्या बिया. राजगिराही मूळचा मेक्सिकोतला आणि इथे फार प्राचीन काळापासून खाल्ला जातो. आईने चार घेतल्या आणि लगेच हिशोब केला: "चला, एकादशीची सोय झाली."

नवऱ्याने चापुलिनेस घेतले, म्हणजे लिंबू, मिरची, लसूण लावून भाजलेले नाकतोडे. कुरकुरीत, आंबट, तळाशी गवताची चव. दुसरी मूठ त्याने मागून घेतली. आई पाठ करून उभी. मी तेहाते प्यायले: मका, भाजलेला कोको, मामेय फळाची बी आणि एक सुगंधी फूल वाटून, हाताने घुसळून काढलेलं, वर जाड फेस. रंगवलेल्या भोपळ्याच्या वाटीत देतात. हात कोपरापर्यंत त्यात घातलेला बघून काहींना नको वाटेल. मला थंडगार लागलं आणि पोटही बिघडलं नाही.

तेओतित्लान देल वाये

गालिचे विणणाऱ्यांचं गाव. घराच्या अंगणात माग, भिंतीला लोकरीच्या लडी, कोपऱ्यात निवडुंगाचं फड. फडावर पांढरी बुरशी दिसते, ती बुरशी नव्हे, किडा. घरच्या आजींनी त्यातला एक नखाने काढून माझ्या तळव्यावर ठेवला आणि चिरडला. जर्द लाल. मग त्यावर लिंबू पिळलं: केशरी झालं. दुसऱ्या थेंबावर चिमूटभर चुना: जांभळं. सगळं माझ्या हातावर, अर्ध्या मिनिटात. आजी सापोतेकमध्ये बोलत, सून स्पॅनिश करी, गाईड इंग्रजी करी आणि मी मराठी. आईपर्यंत पोचेस्तोवर आजी पुढच्या रंगावर गेलेल्या असत.

वाळवलेले हे किडे एक पौंड व्हायला सुमारे ७०,००० लागतात. स्पॅनिश काळात मेक्सिकोतून चांदीच्या खालोखाल मोलाचा माल हाच होता. इंग्रज अधिकाऱ्यांचे लाल डगले यातच रंगत. कृत्रिम रंग आले आणि धंदा बसला. निळ्यासाठी नीळ, पिवळ्यासाठी झेंडू, तपकिरीसाठी अक्रोडाच्या जातीतल्या झाडाची सालं. नक्षी बहुतेक मित्लाच्या भिंतीवरची, म्हणून मित्ला आधी बघितल्याचा फायदा होतो.

एक लहान गालिचा घेतला. किंमत ऐकून आई हळूच म्हणाली, "सकाळपासून सगळीकडे चुनाच चुना. आपल्याला नाही ना लावला?" मला नाही वाटत. सून मागावर बसून दाखवत होती, दोन बोटं विणायला किती वेळ जातो ते समोर दिसत होतं. हे दुकानाचे थांबे लोक नावं ठेवून टाळतात, पण दिवसभरात माणसांशी जे काही बोलणं झालं ते अशाच अंगणांत. अवशेषांमध्ये फक्त चालणं झालं. खरेदीची सक्ती कुणी केली नाही. स्वस्तातला गडद लाल कुणी 'नैसर्गिक' म्हणून विकत असेल तर मात्र सावध राहा, किड्याचा रंग महाग असतो.

तुले

उन्हं उतरताना झाडापाशी. आवेवेते जातीचं हे झाड, बुंध्याचा घेर सुमारे ४२ मीटर. गावचा बोर्ड वय दोन हजारांच्या पुढे सांगतो, अभ्यासक चौदाशे ते सोळाशे वर्षं म्हणतात. अनेक झाडं एकत्र वाढली असावीत अशी शंका होती, पण डीएनए तपासून एकच निघालं. शेजारचं चर्च त्याच्यापुढे खेळण्यातलं वाटतं. शाळकरी मुलगा आरशाने उन्हाचा कवडसा पाडून बुंध्यातला सिंह, हत्ती, मगर दाखवत होता. हत्ती दिसला. मगर शिक्षकबाईंना दिसली, आम्हाला नाही. वीस मिनिटं पुरली. संध्याकाळी पाखरांचा गोंगाट इतका की गाईडने बोलणंच सोडून दिलं.

सोमवार: मोंते आल्बान

सोमवारी म्युझियम बंद असतात, अवशेष उघडे. मोंते आल्बानच्या सातव्या थडग्यातलं सोनं, १९३२ मध्ये अल्फोन्सो कासो यांनी शोधलेलं, सांतो दोमिंगोच्या म्युझियममध्ये आहे. ते आम्ही शनिवारी दुपारीच बघून घेतलं होतं. नीलमण्यासारखे तुकडे जडवलेली कवटी चुकवू नका.

डोंगर खोऱ्यापासून ४०० मीटर वर. ख्रिस्तपूर्व ५०० च्या सुमारास इथे शहर वसलं आणि डोंगराचा माथा तासून सपाट केला गेला, ना चाक, ना ओझ्याचं जनावर. वर झरा नाही. "मग पाणी?" हा आईचा पहिला प्रश्न. पावसाचं साठवत, उरलेलं माणसं पाठीवरून आणत. कोरीव दगडांवरच्या वेड्यावाकड्या आकृत्यांना पूर्वी नर्तक समजत. आता त्या मारलेल्या कैद्यांच्या मानतात, आणि तसं कळल्यावर त्यांच्याकडे पुन्हा बघणं कठीण जातं.

शहरातून थेट बस मिळते. परतीची वेळ उतरतानाच विचारून ठेवा. सकाळी लवकर जा, दहानंतर तापतं.

फाटकाबाहेर एक गृहस्थ रुमालात गुंडाळलेली मातीची मूर्ती दाखवत कुजबुजले, "ओरिखिनाल, थडग्यातली." खरी असती तर देशाबाहेर नेणं गुन्हा, तेव्हा ती नकली असणंच आपल्या सोयीचं. आईने ती हातात घेतली, उलटी केली, तळाला अंगठा घासला आणि शुद्ध मराठीत म्हणाली, "अहो, हिची माती अजून नीट वाळलीसुद्धा नाही." शब्द कळले नाहीत, अंगठा कळला. ते खो-खो हसले आणि भाव निम्म्यावर आणला. आईने आणखी पन्नास पेसो कमी करायला लावले. तेवढ्यात बस लागली.